काळावर स्वामित्व मिळवणारा संशोधक : विज्ञानकथेतील एका कल्पित चरित्राचा अभ्यास

० उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर आपणांस पुढील गोष्टी करता येतील :
• काळावर प्रभुत्व मिळवणारी व्यक्तिरेखा साहित्यात केव्हा व का अवतरली, हे सांगणे.
• पुराणकथा, संतचरित्रातील आख्यायिका आणि विज्ञानकथा यांतील कालविषयक कल्पनांचा भेद स्पष्ट करणे.
• जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील कालप्रवासाचे वेगळेपण उलगडणे.
• आपल्या परिसरातील सामग्री वापरून अशा व्यक्तिरेखेचा आराखडा तयार करणे.

१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, कादंबरीचा अभ्यास करताना आपण व्यक्तिचित्रणाचा विचार केला. लेखक समाजातील माणसे पाहतो, त्यांच्यातून काही निवडतो आणि कथेत उभी करतो, हे आपणांस परिचित आहे. विज्ञानकथेत मात्र एक अशी व्यक्तिरेखा भेटते, जिचे प्रत्यक्ष प्रतिरूप समाजात कोठेही नाही. ती म्हणजे काळाला वश करणारा संशोधक. तो यंत्र बनवतो, भूतकाळात किंवा भविष्यात जातो आणि कधी परत येतो, कधी येत नाही. असा माणूस कधी झाला नाही. तरीही गेल्या सव्वाशेहून अधिक वर्षांत त्याचे चरित्र पुन्हा पुन्हा लिहिले गेले आहे.

जी व्यक्ती अस्तित्वातच नव्हती तिचे चरित्र अभ्यासून काय साधते, असा प्रश्न येथे पडू शकतो. त्याचे उत्तर असे की, या चरित्रातून त्या त्या समाजाचे काळाशी असलेले नाते दिसते. इंग्लंडमधील लेखकाने आपल्या संशोधकाला दूरच्या भविष्यात पाठवले; मराठी लेखकाने आपल्या प्राध्यापकाला पानिपताच्या रणभूमीपाशी नेऊन सोडले. कोणता समाज काळाच्या कोणत्या बिंदूपाशी अडून राहिला आहे, हे या निवडीवरून कळते. प्रस्तुत घटकात आपण याच अंगाने या कल्पित चरित्राचा विचार करणार आहोत.

२ विषय-विवेचन

२.१ यंत्रापूर्वीचे कालविजयी

काळावर मात करण्याची कल्पना आपल्या परंपरेला नवी नाही. भागवत पुराणात ककुद्मी राजाची कथा येते. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोणता, हे विचारण्यासाठी तो तिला घेऊन ब्रह्मलोकी जातो. तेथे गायन चालू असते, म्हणून तो थोडा वेळ थांबतो. गायन संपल्यावर तो प्रश्न विचारतो, तेव्हा ब्रह्मदेव त्याला सांगतो की, दरम्यान पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली आहेत. राजाच्या मनातील सारे वर, त्यांची मुले आणि नातवंडेही काळाच्या उदरात गेली आहेत. पुढे रेवतीचा विवाह बलरामाशी होतो.

मराठी संतपरंपरेत याहून जवळचे उदाहरण आहे ते चांगदेवांचे. आख्यायिकेनुसार ते चौदाशे वर्षे जगले. मृत्यूची घटका जवळ आली की योगसामर्थ्याने प्राण ब्रह्मरंध्री नेऊन ते ती वेळ टाळीत. या क्रियेला ‘काळवंचना’ असा शब्द आहे. वंचना म्हणजे फसवणूक. चांगदेवांनी काळाला जिंकले असे परंपरा म्हणत नाही, फसवले असे म्हणते, ही शब्दाची निवड लक्षात घेण्यासारखी आहे. अशा या महायोग्याला ज्ञानेश्वरांना पत्र लिहिताना मायना सुचेना. वयाने आपण वडील, ज्ञानाने ते वडील; मग आशीर्वाद लिहावा की नमस्कार? अखेर त्यांनी कोरे पत्र पाठवले. त्याला उत्तर म्हणून ज्ञानेश्वरांनी पासष्ट ओव्या लिहिल्या. ‘चांगदेव पासष्टी’ ती हीच. पुढे चांगदेवांनी वयाने अगदी लहान असलेल्या मुक्ताबाईचे शिष्यत्व पत्करले.

या आख्यायिकेतील अर्थ पुढील विवेचनासाठी महत्त्वाचा आहे. चौदाशे वर्षांचा काळ हाती असूनही पत्राचा कागद कोरा राहिला. काळ हाती असणे आणि ज्ञान हाती असणे या दोन भिन्न गोष्टी आहेत, असे मराठी परंपरेने फार पूर्वी सांगून ठेवले.

तथापि या कथांना विज्ञानकथा म्हणता येणार नाही. ककुद्मीची कथा वाचून आधुनिक सापेक्षतासिद्धान्ताची आठवण होणे स्वाभाविक आहे. परंतु साम्य म्हणजे सिद्धान्त नव्हे. ब्रह्मलोकी काळ संथ का जातो, याचे कारण पुराणकार देत नाही. त्याला ते देण्याची गरजही वाटत नाही. तेथे लोकाचे माहात्म्य पुरेसे असते, आणि चांगदेवांच्या बाबतीत योगसिद्धी पुरेशी असते. विज्ञानकथेत कारण सांगावे लागते. ते कारण कल्पित असले तरी ज्ञात विज्ञानाशी त्याचा सांधा जुळावा लागतो. परीक्षेत उत्तर लिहिताना हा भेद अवश्य नोंदवावा.

२.२ संशोधक जन्मला तो काळ

काळावर यंत्राने ताबा मिळवणारा संशोधक साहित्यात आला तो एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी. एन्रिके गास्पार या स्पॅनिश लेखकाची कालप्रवासाच्या यंत्रावरील कादंबरी १८८७ मध्ये प्रसिद्ध झाली. एच. जी. वेल्स यांनी १८८८ मध्ये ‘द क्रॉनिक अर्गोनॉट्स’ ही कथा लिहिली. तिचा नायक डॉ. नेबोगिफेल एका आडगावात येऊन राहतो आणि गावकरी त्याच्याकडे चेटक्याच्या संशयाने पाहू लागतात. पुढे १८९५ मध्ये वेल्स यांची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी आली आणि ही व्यक्तिरेखा जगभर स्थिरावली.

याच सुमारास ती का जन्मावी? त्याचे एक कारण रेल्वे आणि तारायंत्र यांत सापडते. तोपर्यंत प्रत्येक गावाची वेळ वेगळी होती. सूर्य डोक्यावर आला की त्या गावचे बारा वाजत. परंतु आगगाडी एका दिवसात अनेक गावे ओलांडू लागली तेव्हा सर्वांसाठी एकच वेळ ठरवणे अपरिहार्य झाले. १८८४ मध्ये वॉशिंग्टन येथे भरलेल्या आंतरराष्ट्रीय परिषदेत ग्रीनविचचे रेखावृत्त मूळ रेखावृत्त म्हणून स्वीकारण्यात आले. सूर्यावर अवलंबून असलेली वेळ माणसाने ठरावाने बदलली. वेळ ही ठरवता येणारी गोष्ट आहे, हे एकदा अनुभवाला आल्यावर ती मागेपुढे नेणाऱ्या यंत्राची कल्पना सुचणे फार दूर राहिले नाही.

हे परिवर्तन समजून घेण्यासाठी गोंदियाचे उदाहरण उपयुक्त आहे. त्या काळी गोंदिया मध्य प्रांतातील भंडारा जिल्ह्यात होते. स्वतंत्र गोंदिया जिल्हा १ मे १९९९ रोजी अस्तित्वात आला. एकोणिसाव्या शतकाच्या नवव्या दशकात नागपूरहून छत्तीसगडकडे जाणारा लोहमार्ग या भागातून गेला आणि पुढे तो मुंबई–हावडा मार्गाचा भाग बनला. त्या काळात भारतातील रेल्वेचे वेळापत्रक मद्रासच्या वेळेनुसार चाले. मद्रासचे रेखावृत्त सुमारे ८०.३ अंश पूर्व, तर गोंदियाचे सुमारे ८०.२ अंश पूर्व. पृथ्वीला एक अंश फिरण्यास चार मिनिटे लागतात. त्यामुळे मुंबईच्या माणसाला परकी वाटणारी रेल्वेची वेळ गोंदियात मात्र सूर्याच्या वेळेशी जवळजवळ तंतोतंत जुळत होती. दोन स्थळांमध्ये अंतर मोठे, पण ती एकाच रेखावृत्तालगत असल्याने दोहोंचा मध्यान्ह एकच.

१ जानेवारी १९०६ पासून ८२.५ अंश पूर्व रेखावृत्तावर आधारित भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. तेव्हापासून गोंदियाचे घड्याळ तेथील सूर्याच्या सरासरी वेळेपेक्षा सुमारे नऊ मिनिटे पुढे आहे. मुंबईत हा फरक सुमारे एकोणचाळीस मिनिटांचा असल्याने तेथे विरोध झाला आणि जुनी ‘बॉम्बे टाइम’ काही व्यवहारांत १९५५ पर्यंत टिकून राहिली. एकाच महाराष्ट्राच्या दोन टोकांना सूर्याच्या हिशेबाने जवळजवळ अर्ध्या तासाचे अंतर आहे. गोंदियात मध्यान्ह होतो तेव्हा मुंबईत तो व्हायला सुमारे एकोणतीस मिनिटे बाकी असतात. आपण मनगटावर जी वेळ बांधतो ती निसर्गाची नसून सामाजिक कराराची आहे, हे यावरून ध्यानात येते. कालयंत्राची कल्पना याच जाणिवेतून पुढे आली.

स्वयं-अध्ययन प्रश्न – १
(अ) ‘काळवंचना’ या शब्दातून चांगदेवांच्या आख्यायिकेचा कोणता दृष्टिकोन सूचित होतो?
(आ) कालयंत्राची कल्पना एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रुजण्यामागील एक कारण सांगा.

२.३ कल्पित चरित्राचे चार टप्पे

निरनिराळ्या भाषांतील कालसंशोधकांची चरित्रे ताडून पाहिली तर त्यांत चार टप्पे समान आढळतात : ध्यास, साधन, प्रवास आणि पुरावा.

पहिला टप्पा ध्यासाचा. हा संशोधक बहुधा एकटा असतो. वेल्स यांनी आपल्या नायकाला नावही दिलेले नाही. तो केवळ ‘कालप्रवासी’ म्हणून ओळखला जातो. आपल्या घरी जमलेल्या मित्रांना तो सांगतो की, लांबी, रुंदी आणि उंची यांप्रमाणे काळ हीही एक मिती आहे आणि म्हणून तिच्यातही हालचाल शक्य असली पाहिजे. मित्र ऐकतात, पण विश्वास ठेवत नाहीत.

दुसरा टप्पा साधनाचा. पुराणातील सिद्धीची जागा येथे यंत्र घेते. यंत्र कोणालाही चालवता येते, ही त्यातील क्रांतिकारक बाब आहे. योगसामर्थ्य अधिकारी पुरुषालाच लाभते. यंत्राची कळ कोणीही दाबू शकतो. काळावरील स्वामित्वाचे हे एक प्रकारचे लोकशाहीकरण होय.

तिसरा टप्पा प्रवासाचा. वेल्स यांचा कालप्रवासी इ. स. ८,०२,७०१ या वर्षात पोहोचतो. तेथे मानवजातीचे दोन तुकडे झालेले त्याला दिसतात. जमिनीवर निष्क्रिय, सुखवस्तू असे इलॉय राहतात. जमिनीखाली यंत्रे चालवणारे मॉरलॉक राहतात आणि तेच इलॉयांना भक्ष्य करतात. मालक आणि मजूर यांतील दरी लाखो वर्षे रुंदावत गेली तर काय होईल, याचे हे चित्र आहे. म्हणजे प्रवास भविष्याचा असला, तरी टीका लेखकाच्या वर्तमानावर आहे.

चौथा टप्पा पुराव्याचा. परतलेल्या संशोधकावर कोणी विश्वास ठेवीत नाही. कालप्रवाशाच्या खिशात वीना नावाच्या इलॉय मुलीने ठेवलेली दोन पांढरी फुले असतात आणि तेवढीच त्याची साक्ष. पुढे तो पुन्हा प्रवासाला निघतो आणि तीन वर्षे लोटली तरी परतत नाही. काळाच्या स्वामीला काळातच हरवावे लागते. या चरित्राचा शेवट बहुधा असा अपुरा असतो.

भारतीय भाषांत या संशोधकाचा एक जवळचा नातेवाईक आढळतो तो बंगालीत. सत्यजित राय यांनी १९६१ मध्ये निर्माण केलेले प्रोफेसर शंकू हे कल्पित संशोधक. ते कलकत्त्यात राहत नाहीत. गिरिडीहसारख्या लहान गावात, न्यूटन नावाचे मांजर आणि प्रल्हाद नावाचा नोकर यांच्या सोबतीने राहून ते शोध लावतात. त्यांच्या कथा रोजनिशीच्या रूपात आहेत आणि त्यांपैकी एका कथेत कालयंत्रही येते. जगाला चकित करणारा संशोधक लहान गावात राहू शकतो, हे राय यांनी सहज गृहीत धरले, ही बाब आपण पुढे पुन्हा विचारात घेणार आहोत.

२.४ विज्ञान काय सांगते?

विज्ञानकथेचे मूल्यमापन करताना त्यामागील विज्ञानाची किमान ओळख असणे आवश्यक आहे. अल्बर्ट आइन्स्टाइन यांनी १९०५ मध्ये दाखवून दिले की, काळाची गती सर्वांसाठी सारखी नसते. वेगाने जाणाऱ्या घड्याळाचा काळ संथ होतो. १९१५ मधील व्यापक सिद्धान्तानुसार तीव्र गुरुत्वाकर्षण असलेल्या ठिकाणीही काळ संथ होतो. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग या दोन शास्त्रज्ञांनी अणुघड्याळे विमानातून पृथ्वीभोवती फिरवून हा परिणाम मोजला. आज मोबाइलमध्ये दिशा दाखवणारी जीपीएस यंत्रणा याच गणितावर चालते. तिच्या उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरील घड्याळांपेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. ही दुरुस्ती केली नाही तर नकाशावरील स्थान चुकू लागते.

याचा अर्थ असा की, भविष्याकडे जलद जाणे तत्त्वतः शक्य आहे. भूतकाळात जाण्याबाबत मात्र तार्किक अडचण उभी राहते. मराठी उदाहरण घेऊन ती पाहू. समजा, एखादा संशोधक १७६१ मध्ये गेला आणि त्याने पानिपतावर विश्वासरावांना वाचवले. त्यामुळे मराठ्यांचा पराभव टळला. मग भविष्यात त्या पराभवाची खंत कोणालाच उरणार नाही आणि विश्वासरावांना वाचवायला जाण्याचे कारणही उरणार नाही. तो गेला नाही, तर विश्वासराव वाचणार नाहीत. अशा रीतीने घटना स्वतःलाच खोडून काढते. यातून सुटण्याचा एक मार्ग असा मानला जातो की, घटनांच्या अनेक शक्यता समांतर जगांच्या रूपाने नांदतात; प्रवासी आपला भूतकाळ बदलत नाही, तो दुसऱ्या जगात जातो. नारळीकरांच्या ज्या कथेचा आता विचार करायचा आहे, ती याच मार्गाने जाते.

२.५ मराठी विज्ञानकथा आणि जयंत नारळीकर

मराठीत विज्ञानकथेची सुरुवात विसाव्या शतकाच्या आरंभी अनुवादांनी झाली. ज्यूल व्हर्न आणि वेल्स यांच्या कथा मराठी वाचकापर्यंत पोहोचल्या; पुढे भा. रा. भागवत यांनी त्या किशोर वाचकांसाठी मोठ्या आवडीने आणल्या. १९६६ मध्ये स्थापन झालेल्या मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेमुळे स्वतंत्र लेखनाला चालना मिळाली. बाळ फोंडके, निरंजन घाटे, लक्ष्मण लोंढे, सुबोध जावडेकर आदी लेखकांनी हा प्रवाह समृद्ध केला.

जयंत विष्णु नारळीकर (१९३८–२०२५) हे मुळात खगोलशास्त्रज्ञ. केंब्रिज येथे फ्रेड हॉयल यांच्यासमवेत त्यांनी गुरुत्वाकर्षणाचा सिद्धान्त मांडला. पुण्यातील ‘आयुका’ या संस्थेचे ते संस्थापक-संचालक. त्यांचे गुरू हॉयल हेही विज्ञानकादंबरीकार होते. पृथ्वीच्या निरनिराळ्या भागांत निरनिराळे कालखंड एकाच वेळी नांदत आहेत, अशी कल्पना हॉयल यांनी १९६६ च्या एका कादंबरीत रंगवली होती. नारळीकरांनी १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली, तीही ‘नारायण विनायक जगताप’ या नावाने. आपल्या नावाच्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून त्यांनी हे नाव घेतले होते. कथेला प्रथम पारितोषिक मिळाल्यावरच लेखक कोण हे उघड झाले. ‘यक्षांची देणगी’ (१९७९) हा त्यांचा गाजलेला कथासंग्रह. ‘चार नगरांतले माझे विश्व’ या आत्मचरित्रास २०१४ चा साहित्य अकादमी पुरस्कार लाभला, आणि नाशिक येथे २०२१ मध्ये झालेल्या ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते.

२.६ ‘गंगाधरपंतांचे पानिपत’

या कथेचा नायक गंगाधरपंत गायतोंडे हे इतिहासाचे प्राध्यापक. पानिपताच्या लढाईचा निकाल उलटा लागला असता तर इतिहासाने कोणते वळण घेतले असते, या विचारात असताना त्यांना अपघात होतो. शुद्धीवर येतात ते दुसऱ्याच जगात. पुण्याहून मुंबईला जाणाऱ्या गाडीत बसलेल्या पंतांच्या लक्षात येते की, या मुंबईवर अद्याप ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल आहे, मात्र उर्वरित देश स्वतंत्र आणि स्वाभिमानी आहे. ज्या कचेरीत आपला मुलगा नोकरीस असल्याचे त्यांना ठाऊक असते, तेथे त्या नावाचा कोणीही नाही.

यानंतर पंत जे करतात ते या व्यक्तिरेखेचे मर्म आहे. ते घाबरून धावत सुटत नाहीत. ते एशियाटिक सोसायटीच्या ग्रंथालयात जातात आणि इतिहासाचे खंड मागवतात. त्यांत त्यांचे स्वतःचे खंडही असतात, पण पाचव्या खंडातील मजकूर त्यांनी कधी लिहिलेला नसतो. मागे मागे जात ते नेमक्या त्या क्षणापाशी पोहोचतात, जेथून इतिहासाला दुसरा फाटा फुटला. एका बखरीत त्यांना उल्लेख सापडतो : विश्वासरावांच्या दिशेने आलेली गोळी कानाजवळून निसटून गेली. ते वाचले, सैन्याचा धीर टिकला आणि मराठ्यांचा जय झाला. आपल्या ज्ञात इतिहासात १४ जानेवारी १७६१ रोजी हीच गोळी विश्वासरावांना लागली होती.

संध्याकाळी पंत आझाद मैदानावरील एका सभेत जातात. व्यासपीठावर अध्यक्षांची खुर्ची रिकामी दिसते. शेकडो सभांचे अध्यक्षपद भूषवलेल्या पंतांना ते सहन होत नाही. या जगात अध्यक्षाची प्रथा कालबाह्य झालेली असते. ते बोलायला उभे राहतात, श्रोते खवळतात, आणि त्या गदारोळात पंत आपल्या मूळ जगात परततात. पुढे त्यांचा मित्र राजेंद्र देशपांडे त्यांना या अनुभवाचे स्पष्टीकरण देतो. अणूच्या पातळीवर एखादा कण नेमका कोठे जाईल हे निश्चित सांगता येत नाही, केवळ शक्यता सांगता येतात. प्रत्येक शक्यतेचे जग वास्तव असू शकते, असे त्याचे प्रतिपादन आहे.

मघाचे चार टप्पे या कथेला लावून पाहू. ध्यास आहे, पण तो इतिहासाचा. साधन म्हणून यंत्र नाही; आहे तो अपघात आणि मनातील विचार. प्रवास आहे, परंतु तो पुढे वा मागे नसून बाजूला आहे. आणि पुरावा? पंतांच्या खिशात बखरीचे फाटलेले एक पान निघते. वेल्सचा कालप्रवासी फूल घेऊन परततो, गंगाधरपंत कागद घेऊन परततात. ज्या समाजाने आपला भूतकाळ बखरींत जपला आणि ज्यातील वाचक आजही एका गोळीभोवती ‘असे झाले असते तर’ म्हणत घुटमळतो, त्या समाजाच्या कालप्रवाशाने दुसरे काय आणावे?

कथेतील उपहासही दुर्लक्षू नये. विजयी मराठ्यांच्या जगातही सभेतील माणूस रिकाम्या खुर्चीसाठी तळमळतो. लेखक पानिपताची जखम कुरवाळत बसत नाही. पराभवाचे जय झाले तरी माणसाचे स्वभावविशेष बदलत नाहीत, असे तो हसत हसत सुचवतो. चांगदेवांच्या कोऱ्या पत्राची आठवण येथे होते. काळ बदलण्याची संधी मिळाली, तरी त्या काळात काय करावे हा प्रश्न उरतोच.

स्वयं-अध्ययन प्रश्न – २
(अ) भूतकाळात जाण्यातील तार्किक अडचण पानिपताच्या उदाहरणाने स्पष्ट करा.
(आ) वेल्सच्या कालप्रवाशाचा पुरावा आणि गंगाधरपंतांचा पुरावा यांतील फरकाचा अर्थ सांगा.

२.७ परिसरातील कालसंशोधक : लेखनाची दिशा

विज्ञानकथा महानगरात, प्रयोगशाळेच्या सान्निध्यातच लिहिता येते, असा समज आढळतो. तो टिकणारा नाही. नेबोगिफेल आडगावात राहत होता, शंकू गिरिडीहला. मग तिरोडा, आमगाव वा सालेकसा येथे असा संशोधक का नसावा?

त्याच्यासाठी सामग्री भरपूर आहे. गोंदिया आणि भंडारा जिल्ह्यांत शेकडो मालगुजारी तलाव आहेत. कोहळी समाजातील जाणकारांनी जमिनीचा उतार हेरून, मातीचे बांध घालून शतकांपूर्वी ते उभारले. नवेगावबांधचा विस्तीर्ण तलाव याच परंपरेतला. त्याच्या निर्मितीशी लोकपरंपरा कोलू पाटील यांचे नाव जोडते. या कामाकडे कालाच्या दृष्टीने पाहा. पावसाळ्यात धो धो वाहून जाणारे पाणी अडवून ते पुढच्या महिन्यांसाठी राखून ठेवणे, म्हणजे एका ऋतूतील पाणी दुसऱ्या ऋतूत पोहोचवणे होय. धानाचा लोंब्या भरण्याचा काळ आणि पावसाने दडी मारण्याचा काळ एकच आला, तर बांधात साठवलेले पाणीच पीक तारून नेते. यंत्र न वापरता काळाशी केलेला हा खरा व्यवहार आहे. अशा बांधकामाचे वंशपरंपरागत ज्ञान असलेला कल्पित संशोधक काळालाही बांध घालता येईल का, असा विचार करू लागला, तर कथेचे बीज तेथेच मिळते.

मात्र तीन पथ्ये पाळावीत. पहिले, काळ बदलण्यामागील कारण ज्ञात विज्ञानाशी जुळवून सांगावे. दुसरे, एकदा घातलेला नियम कथेच्या शेवटपर्यंत मोडू नये. तिसरे, काळ जिंकल्याची किंमत कोणीतरी मोजली पाहिजे. ककुद्मीने आपले समकालीन गमावले, कालप्रवाशाने परतीची वाट गमावली, गंगाधरपंतांची खात्री गेली. किंमत नसलेला कालविजय वाचकाच्या मनात टिकत नाही.

३ सारांश

काळावर मात करण्याची कल्पना पुराणकथा व संतचरित्रांत सिद्धीच्या आणि माहात्म्याच्या रूपाने आढळते. रेल्वे, तारायंत्र आणि प्रमाणवेळ यांमुळे काळ मोजण्याची व ठरवण्याची नवी जाणीव आली आणि एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कालयंत्र बनवणारा कल्पित संशोधक साहित्यात अवतरला. त्याच्या चरित्रात ध्यास, साधन, प्रवास व पुरावा असे चार टप्पे दिसतात. मराठीत नारळीकरांनी यंत्राऐवजी शक्यतांच्या समांतर जगाचा आधार घेतला आणि कालप्रवाशाच्या जागी इतिहासाचा प्राध्यापक उभा केला. त्यामुळे ही व्यक्तिरेखा मराठी समाजाच्या ऐतिहासिक स्मृतीशी जोडली गेली.

नोकरी, शेती वा घरसंसार सांभाळून रात्री पुस्तक उघडणाऱ्या विद्यार्थ्याला वेळेची टंचाई वेगळी समजावून सांगण्याची गरज नाही. चांगदेवांपासून गंगाधरपंतांपर्यंतच्या या कथा सांगतात की, काळाचे मोल त्याच्या लांबीवर ठरत नाही. चौदाशे वर्षांत जे लिहिता आले नाही, ते पासष्ट ओव्यांत लिहिले गेले.

४ पारिभाषिक शब्द

काळवंचना : योगसामर्थ्याने मृत्यूची वेळ टाळणे.
रेखावृत्त : पृथ्वीच्या दोन ध्रुवांना जोडणारी कल्पित रेषा, स्थानिक वेळ हिच्यावरून ठरते.
प्रमाणवेळ : संपूर्ण देशासाठी मान्य केलेली एकच वेळ.
मिती : मोजमापाची स्वतंत्र दिशा, जसे लांबी, रुंदी, उंची, काळ.
समांतर जग : घटनांची वेगळी शक्यता जेथे वास्तवात आली आहे, असे कल्पिलेले जग.

५ स्वयं-अध्ययन प्रश्नांची नमुना उत्तरे

१ (अ) काळ जिंकला गेला नाही, केवळ टाळला गेला. म्हणून दीर्घायुष्याला ज्ञानाची बरोबरी करता येत नाही, हा दृष्टिकोन सूचित होतो.
१ (आ) रेल्वे व तारायंत्रामुळे स्थानिक वेळांच्या जागी एकच वेळ ठरवावी लागली. वेळ माणसाला ठरवता येते, ही जाणीव त्यातून रुजली.
२ (अ) विश्वासराव वाचले तर पराभव होत नाही. पराभव झाला नाही तर त्यांना वाचवायला जाण्याचे कारण उरत नाही. घटना स्वतःलाच रद्द करते.
२ (आ) फूल हे कोवळ्या मानवी नात्याचे चिन्ह, तर बखरीचे पान हे इतिहासाचे साधन. पहिली कथा मानवजातीच्या भवितव्याकडे पाहते, दुसरी समाजाच्या ऐतिहासिक स्मृतीकडे.

६ सरावासाठी स्वाध्याय

१. ‘गंगाधरपंत हे काळाचे स्वामी नसून काळाचे अभ्यासक आहेत.’ या विधानाची कथेच्या आधारे चर्चा करा.
२. ककुद्मीची कथा आणि विज्ञानकथा यांतील साम्य व भेद सोदाहरण लिहा.
३. आपल्या गावातील एखादा तलाव, स्थानक किंवा जुने घड्याळ निवडा. त्याच्या आधारे काळावर प्रभुत्व मिळवू पाहणाऱ्या कल्पित संशोधकाचे चरित्र ३०० शब्दांत लिहा. त्याने मोजलेली किंमत त्यात स्पष्ट झाली पाहिजे.